काडी खोचलेलं बटण

बाबा बोलायचे बंद झाले त्या पावसाळ्यात आमच्या घरात सगळेच हळू बोलायला लागले. आय भांडी घासायची तीसुद्धा जपून, वाटीला वाटी लागू न देता. बाबा ओटीवर भिंतीला टेकून बसलेले असत. उजवा हात मांडीवर आणि त्यावर पंचा. पंच्याखाली काय उरलं होतं ते मी आणि दादानं, दवाखान्यातून त्यांना आणलं त्या दिवशी एकदाच पाहिलं. बाबा माळावरच्या एका कंपनीत पत्र्याच्या प्रेसवर होते. प्रेसचं वजनदार डोकं खाली आलं तेव्हा हात आत होता. चार बोटं गेली आणि अंगठ्याचं वरचं पेर.

आमचं गाव मुरबाडच्या अलीकडे, कल्याण रस्त्यापासून थोडं आत. शेताच्या बांधावर उभं राहिलं की माळावरच्या कंपन्यांचे पत्रे दिसायचे आणि त्या पत्र्यांखालून प्रेसचा आवाज यायचा, धाड, धाड, धाड. माझ्या लहानपणाला हा आवाज चिकटलेला आहे. आम्ही त्याच्या तालावर पाढे म्हटले, भात झोडलं, जेवलो. बाबांचा हात जायच्या आधी तो आवाज म्हणजे आमच्या घरचा पगार होता, आणि हात गेल्यावरही तो थांबला नाही, याचा मला फार राग यायचा. कान झाकून घेतले तरी जमिनीतून यायचा मेला.

कसं झालं, असं गावातलं जो तो विचारायचा. बाबांचं उत्तर एकच असे, "मशीन आपोआप पडली." त्यापलीकडे शब्द नाही. कारण शोधायचं काम मग आयनं अंगावर घेतलं आणि तिला ते सापडलंही. आदल्या दसऱ्याला कंपनीत मशीनला झेंडूचा हार घालून नारळ फोडला, तो नासका निघाला होता. बाबांनीच घरी येऊन सांगितलं होतं, हसत. आय तेव्हाही हसली नव्हती. आता ती खात्रीनं सांगायची, मशीनला नासका नारळ दिला, मशीननं हात घेतला. दादाला अठरावं लागलं होतं आणि बाबांच्या जागी त्याला घ्यायचं कंपनीनं कबूल केलं होतं. तो येत्या दसऱ्यानंतर कामावर जायचा होता. आयनं त्याची तयारी चालवली होती. गावदेवाला कोंबडा कबूल केला होता आणि मशीनसाठी पाण्याचा, वाजवून पारखलेला नारळ फडताळात वेगळा काढून ठेवला होता. निळी पँट आणि निळा शर्ट शिवून खुंटीला अडकवला होता. बाबा बसल्या जागेवरून त्या खुंटीकडे बघायचे. आम्हाला वाटायचं, आपले कपडे आठवत असतील.

अशा घरात गणपतीच्या दिवसांत मामा टीव्हीवरचा गेम घेऊन आला. मामा उल्हासनगरात इलेक्ट्रिकच्या दुकानात कामाला होता. कोणीतरी दुरुस्तीला टाकून परत न नेलेला तो डबा त्यानं पिशवीतून काढला. दोन रिमोट, एक अडॅप्टर आणि एकच कॅसेट. आमचा टीव्ही काळापांढरा, छोटा, अँटेनाची वायर खिडकीतून आत घेतलेला. मामानं ती वायर काढून डब्याची लावली, कॅसेटमध्ये फुंकर मारली आणि बटण फिरवत बसला. मुंग्यांमुंग्यांतून दोन अस्वलं आली. कॅसेटवरच्या चित्रात एक निळं होतं नि एक लाल. आमच्याकडे एक काळं आणि एक भुरकट. डाव्या अंगठ्यानं त्यांना पळवायचं आणि उजव्या अंगठ्याखाली दोन बटणं, एक उडीचं, एक जांभळं फेकायचं. वाटेत माकडं यायची, त्यांना जांभळं मारायची. ती गोळ्यांसारखी काळी फळं जांभळंच आहेत हे आमचं आम्ही ठरवलं होतं.

खरी गंमत मात्र माकडांत नव्हती. दोघांनी मिळून खेळायचं होतं, एकमेकांविरुद्ध नाही. उंच कड्यावर एकट्याला चढता यायचं नाही, एकानं खाली वाकायचं आणि दुसऱ्यानं त्याच्या डोक्यावर पाय देऊन वर जायचं, मग वरच्यानं दोर सोडायचा. आणि एकजण पुढे पळाला तर पडद्याच्या कडेला जाऊन अडकायचा. मागचं अस्वल येऊन पोहोचेपर्यंत चित्र पुढे सरकतच नसे. दादाला याचा सुरुवातीला संताप यायचा, कारण मी सारखी मागे राहायची. आयला मात्र हेच आवडलं. भाकऱ्या थापता थापता ती दारात येऊन उभी राहिली आणि बराच वेळ बघून म्हणाली, "हा तर सावडीचा खेळ हाय. कोणाला मागं टाकून जाताच येत नाय." सावड म्हणजे आमच्याकडे लावणीला आज सगळ्यांनी तुमच्या शेतात वाकायचं, उद्या आमच्या. त्या वर्षी सावडीला लोक आमच्या शेतात येऊन गेले होते आणि परत फेडायला आमच्याकडचे हात कमी पडले होते. आय ते विसरली नव्हती.

माझी मुलं आता शहापूरच्या घरात भिंतभर टीव्हीवर असलेच खेळ खेळतात. दोघं मिळून कुठलंसं हॉटेल चालवतात, एकानं कांदा चिरायचा, दुसऱ्यानं ताट वाढायचं, आणि एवढा दंगा घालतात की खालचे वर येतात. पोरं बिघडतात असं लोक म्हणतात. मी कधीच म्हटलं नाही. एका बाजूला बसून दोघांनी एकाच गोष्टीला भ्यायचं आणि एकाच गोष्टीवर हसायचं, यात काय वाईट आहे? मला विचाराल तर आमच्या घरात त्या मेलेल्या महिन्यांनंतर पहिलं हसू त्या भुरकट अस्वलानं आणलं. उडी चुकून ते खड्ड्यात पडलं की पाठ टेकून पाय हवेत झाडायचं. आय पदर तोंडाला लावून हसायची. आणि त्याच आठवड्यात एकदा मी घाईनं पुढे पळत असताना ओटीवरून आवाज आला, "थांब गो. मागचा येऊ दे."

बाबा बोलले होते. दादानं माझ्याकडे पाहिलं. आम्ही दोघांनीही मागे वळून बघितलं नाही, कारण बघितलं असतं तर ते परत गप्प झाले असते. मी थांबले. दादाचं अस्वल आलं. बाबा म्हणाले, "आता जा."

मग ते रोज थोडे थोडे सरकत आत आले. एक दिवस त्यांनी रिमोट डाव्या हातात घेऊन पाहिला. डाव्या अंगठ्यानं अस्वल पळवता आलं, पण बटणांचं काय? आय पुढे झाली. पिठाचे हात लुगड्याला पुसून बाबांच्या शेजारी बसली आणि रिमोटची उजवी बाजू तिनं धरली. "उडी," बाबा म्हणायचे आणि आय बटण दाबायची, बहुतेक वेळा उशिरा. "अगो, आता नाय, मगाशी." "मग मगाशी सांगायचा." आईवडिलांना खांद्याला खांदा लावून बसलेलं आम्ही त्याआधी कधी पाहिलं नव्हतं. चुलीवर वालाची आमटी करपली तरी आय उठली नाही, आणि ती करपलेली आमटी आम्ही सगळ्यांनी गुमान खाल्ली. त्या दिवसांत मला खरंच वाटायला लागलं होतं की आता सगळं ठीक होईल.

भादव्याच्या शेवटी आय गवत कापायला मजुरीनं जायला लागली. दुपारी घरी मी आणि बाबा. मी शाळेतून आले की बाबा टीव्हीकडे बघायचे, पण म्हणायचे नाहीत. मोठ्या माणसानं खेळ लाव म्हणायचं कसं? मी आपणहून लावायची. पण माझ्याकडे माझा रिमोट, आणि त्यांच्या रिमोटची उजवी बाजू धरायला कोणी नाही. मग मला एक युक्ती सुचली. चुलीजवळच्या काडेपेटीतली काडी घेतली, अर्धी मोडली आणि जांभळं फेकायच्या बटणाच्या फटीत ते दाबून घट्ट खोचली. बटण दबलेलं राहिलं. आता बाबांचं अस्वल आपोआप जांभळं फेकत राहणार होतं. रिमोट गुडघ्यावर ठेवला की डाव्या अंगठ्यानं पळवायचं आणि उडीपुरतं उजव्या तळव्याच्या कडेनं दाबायचं. मी खूश होऊन रिमोट त्यांच्या मांडीवर ठेवला.

बाबांनी खेळायला घेतला. थोडं पुढे गेले. मग त्यांची नजर खाली गेली आणि हात थांबला.

"ही काडी कोणी खोचली?"

"मी."

"कोणी शिकवली तुला?"

"कोणी नाय. माजी मीच. तुमाला सोपा जावा म्हणून."

त्यांनी रिमोट जमिनीवर ठेवला. पडद्यावर त्यांचं अस्वल उभ्या जागी जांभळं फेकत होतं, समोर कोणी नसताना. बाबांचा चेहरा मी आधी कधी तसा पाहिला नव्हता, दवाखान्यातही नाही. मला वाटलं मी काहीतरी मोडलं. ते म्हणाले, "आय आली की दादाला आन तिला हितं बोलव. टीव्ही बंद कर." आणि आय येईपर्यंत ते त्या काडीकडे बघत बसले.

दिवेलागणीच्या आधी सगळे जमलो. आयच्या केसांत गवत होतं. बाबांनी पहिल्यांदाच पंचा बाजूला केला आणि हात उघडा ठेवून बोलायला सुरुवात केली. "मशीन आपोआप नाय पडली," ते म्हणाले.

त्यांनी सांगितलं ते असं. प्रेसला दोन बटणं असतात, हात पसरून पोहोचतील अशी लांब लांब. दोन्ही हातांनी पत्रा ठेवायचा, मग दोन्ही हातांनी दोन्ही बटणं दाबायची, तरच डोकं खाली येतं. म्हणजे डोकं पडताना माणसाचे दोन्ही हात बाहेर असतात. पण त्यात वेळ जातो आणि ठेकेदाराला पाहिजे तेवढे पीस निघत नाहीत. म्हणून एका बटणात लाकडाची ढलपी खोचायची. ते दबलेलं राहतं. मग एक हात दुसऱ्या बटणावर आणि एका हातानं पत्रा आत टाकायचा, काढायचा, टाकायचा, काढायचा. पीस दुपटीनं निघतात. "ही युक्ती मीच काढली," बाबा म्हणाले. "हर मशीनीला मीच फिरून लावून दिली. बाजूच्या विलासला मीच शिकवला. सायब यायचा, बघायचा, आन तोंड फिरवून जायचा. त्या दिवशी डाव्यानं बटन दाबला आन उजवा अजून आतच व्हता. माज्याच हातानं माजा हात घेतला."

आयनं विचारलं, "आन नारळ?"

"नारळाचा काय नाय गो."

आयला हे सहन झालं नाही, हे मला आज कळतं. नारळ असता तर दुसरा देता आला असता. तिनं इतके महिने ज्या एका गोष्टीला धरून घर चालवलं, ती बाबांनी तिच्या हातातून काढून घेतली होती. ती उठली आणि केसांतलं गवत काढत चुलीकडे गेली. बाबा दादाला म्हणाले, "जायाचा असल तर जा. पन दोनी बटनं दाबून काम करायचा. पीस कमी पडले तर पडू देत." दादानं मान हलवली. न जाण्याची भाषा कोणीच केली नाही. जेवणार काय, हा प्रश्न होताच.

दुसऱ्या दिवशी बाबा विलासकडे गेले. विलास शेजारचा, दादाच्याच बरोबरीचा, पण दोन वर्षं आधी कामाला लागलेला. डावखुरा असल्यानं त्याला सगळे डावऱ्या म्हणायचे. बाबा अंगणात उभे राहून त्याला सांगत होते आणि तो दात घासत ऐकत होता. चूळ भरून तो म्हणाला, "काका, बरोबर हाय तुमचा. पन मी दोन बटनं दाबत बसलो, तर ठेकेदार उद्या गेटवरनंच मागारी धाडील. भायेर रांग लागलीय पोरांची." त्यात उद्धटपणा नव्हता. बाबा परत आले ते पाय ओढत.

दसऱ्याला आयनं कोंबडा दिला. नारळही पाठवला. तिला बाबांचं पटलं होतं तरी पाठवला.

दादा कामाला लागला. संध्याकाळी तो आला की बाबा ओटीवरूनच म्हणायचे, "हात दाखव." दादा दोन्ही तळवे पुढे करायचा. बाबा बघायचे, उलटे करून बघायचे आणि सोडून द्यायचे. मग मी न्हाणीच्या दगडावर त्याच्या हातांवर तांब्यानं पाणी ओतायची. तेलाचा काळा चिकटा निघता निघत नसे. उजव्या हाताला साबण जास्त लागायचा. माणूस उजव्या हाताचा, उजवा जास्त मळणारच, असं मला वाटायचं. जेवणं झाली की दोन अस्वलं निघायची, दादाचं एक, आयबाबांचं एक. दिवाळीनंतर घरात तांदळाबरोबर कधी अंडी दिसायला लागली. ठेकेदार दादावर खूश होता. आम्हीही खूश होतो.

शिमग्याच्या आधीची गोष्ट. मी आणि आय अंगणात सुकट निवडत बसलो होतो आणि माळावरचा आवाज थांबला. लाइट गेली की थांबायचा, पण आमच्या घरातला बल्ब तर चालू होता. आयच्या मांडीवरचं सूप खाली सांडलं. ती धावत सुटली, मी तिच्या मागे, बाबा माझ्या मागे. बांधाच्या टोकाला कंपनीचा टेम्पो आम्हाला आडवा आला. मागे दादा उभा होता आणि त्याच्या शर्टावर रक्त होतं. आय टेम्पोला लटकली. तिनं दादाचा एक हात ओढून पाहिला, मग दुसरा ओढून पाहिला. दोन्ही होते. तेव्हा कुठे तिला खाली पडलेला विलास दिसला, आणि त्याच्या डाव्या मनगटाला गुंडाळलेलं पोतं. बाबा टेम्पोपर्यंत आलेच नाहीत. बांधावरच खाली बसले. आवाज तासाभरात परत सुरू झाला.

दवाखान्यातून आल्यावर विलास घरातून बाहेर पडेना. त्याची आई रडत आमच्याकडे यायची. शेवटी बाबाच एका सकाळी गेले आणि त्याला घेऊन आले. काय बोलले ते माहीत नाही. रविवार होता. दादाला सुट्टी होती. आयनं तांदळाच्या भाकऱ्या आणि सुकटीचं कालवण केलं. विलास खाली मान घालून जेवला. जेवण झाल्यावर काय करायचं कोणालाच सुचेना, म्हणून मी गेम लावला. मुंग्या गेल्या, अस्वलं आली. दादानं एक रिमोट घेतला. दुसरा बाबांनी डाव्या हातात धरला आणि उजवी बाजू विलासपुढे केली, एरवी आयपुढे करत तशी. विलासनं थोडा वेळ त्याकडे पाहिलं. मग आपला उरलेला हात पुढे करून ती बाजू धरली.

"उडी," बाबा म्हणाले. विलासनं बटण दाबलं. वेळेवर. आयला इतक्या महिन्यांत जमलं नव्हतं ते त्याला पहिल्या झटक्याला जमलं. एक हात बाबांचा, एक हात त्याचा, आणि ते भुरकट अस्वल दोन्ही हात धड असलेल्या माणसासारखं खड्डे ओलांडत चाललं. मी हसले. हसताना मला रडू यायला लागलं आणि मी तोंड फिरवलं. दादाचं काळं अस्वल पुढे गेलं होतं, पडद्याच्या कडेला अडकून उभं होतं. मागचं अस्वल त्याच्याजवळ पोहोचलं तरी ते हललं नाही. दादानं रिमोट खाली ठेवला होता.

"मी पन खोचतो," तो म्हणाला. "दिवाळीपास्नं."

विलासनं मान वर केली नाही. बाबाही टीव्हीकडेच बघत होते. "ठाव हाय मला," ते म्हणाले. "रोज हात बघतो मी. दोनी हातांनी पत्रा धरला तर दोनी तळवे सारके मळतात. तुजा उजवा काळा आन डावा कोरा."

चुलीपुढून आय उठून आली. तिनं दादाकडे पाहिलंच नाही. ती बाबांना म्हणाली, "तुमाला ठाव व्हता?"

बाबांनी हातातला रिमोट खाली ठेवला. "दिवाळीपास्नं ठाव व्हता, आन तुमी अंडी खाल्लीत," आय म्हणाली. मग, "मी पन खाल्ली." ती खाली बसली, जिथे बाबांच्या शेजारी एरवी बसायची तिथेच, पण हात तिनं स्वतःच्या मांडीत ठेवले. टीव्हीवर दोन्ही अस्वलं शेजारी शेजारी उभी होती. बंद करायचंही कोणाला सुचलं नाही. माळावर आवाज चालू होता.

सकाळी मी उठले तेव्हा खुंटी रिकामी होती. आय चुलीपुढे बसली होती आणि तिच्याजवळ विळी पडली होती. दादाची निळी पँट तिनं विळीवर धरून उभी आडवी फाडली होती, आणि त्यातल्या एका तुकड्यानं ती चूल सारवत होती, शेणामातीत बुडवून, कोपऱ्याकोपऱ्यात घालून. दादा उठून दारात आला, त्यानं ते पाहिलं आणि तो परत जाऊन अंथरुणावर बसला. कामाची वेळ झाली तेव्हा रस्त्यावर कामगारांना माळावर नेणाऱ्या जीपचा हॉर्न वाजला, परत वाजला, आणि जीप निघून गेली. पुढे किती दिवस आम्ही पेज पिऊन काढले ते मी सांगत बसत नाही. दादा पुढे कल्याणला माणसं नेणाऱ्या जीपवर लागला. चालक म्हणून त्याची उमर गेली. त्याचे दोन्ही हात आहेत.

ती पँट बरीच वर्षं पुरली. आय सारवायला बसली की बाबा ओटीवरून तिच्या हातातल्या निळ्या पोतेऱ्याकडे बघायचे, आणि ते विरलं की आय फडताळातून पुढचा तुकडा काढायची.